प्रतिवादी क्रमांक तीन

सरकारी नोकरीत माणूस नव्या जागी गेला की पहिल्यांदा एक कागद देतो. त्याला रुजू अहवाल म्हणतात. तीन ओळींचा असतो. अमुक आदेशानुसार मी अमुक तारखेला मध्यान्हपूर्व, किंवा मध्यान्होत्तर, रुजू झालो आहे, तरी माझा अहवाल स्वीकारण्यात यावा. मी पेशाने वरिष्ठ लिपिक. असे कागद स्वतःचे पाच आणि दुसऱ्यांचे कितीतरी टाइप केलेत. तरी काटोलच्या कार्यालयातून नागपूरच्या कार्यालयात बदलून आलो त्या दिवशी, नेमका माझाच कागद मी चुकवला.

अहवाल मी आदल्या संध्याकाळीच तयार करून ठेवला होता. दहाच्या ठोक्याला हजर होणार, म्हणून 'मध्यान्हपूर्व' लिहून सहीसुद्धा करून टाकली. सकाळी आरशात बघतो तर कानांवरचे केस पांढरे. एरवी ते रोजच पांढरे असतात. पण ज्याच्या खुर्चीवर मी त्या दिवशी बसायला निघालो होतो, त्याचे केस पन्नाशी ओलांडूनही आपोआप काळे आहेत. मी मानेवाड्याच्या आमच्या सलूनमध्ये गेलो. तिथे आधीच तिघं डोक्याला काळं फासून पेपर वाचत बसले होते. माझा नंबर लागला, रंग लागला, वाळला, धुतला. उजव्या कानाच्या पाळीवर एक डाग राहिला तो काही जाईना. कार्यालयात पोचलो तेव्हा पावणेतीन झाले होते. खिशातला कागद काढला, आवक शाखेत दिला, त्यांनी शिक्का मारला. वाचला कोणीच नाही. मीही नाही.

त्याच दिवशी, त्याच खुर्चीवरून, तो जेवणाच्या सुट्टीपर्यंत शांतपणे एकेक फाइल मोजून, यादी करून, सही घेऊन कार्यमुक्त झाला होता. मध्यान्होत्तर. म्हणजे सरकारी दप्तराप्रमाणे त्या दिवशी सकाळी एका खुर्चीवर दोन बाबू बसले होते. आमच्या दोघांचे आकार बघता ते शक्य नव्हतं.

आता हा 'तो' कोण, ते सांगतो.

आम्ही दोघं एकाच दिवशी नोकरीला लागलो, त्याला चोवीस वर्षं झाली. एकाच यादीत नाव, एकाच हुद्द्यावर. आमच्या खात्यात दरवर्षी ज्येष्ठता यादी निघते. कोण कोणाच्या आधी, कोणाला बढती पहिली, हे तिच्यात ठरतं. त्या यादीत तो माझ्या लगेच वरच्या ओळीत. का, तर त्याचा जन्म माझ्या नऊ दिवस आधीचा. नऊ दिवस! माझ्या आईने जरा घाई केली असती तर चित्र वेगळं असतं. दरवर्षी यादी हातात आली की लोक आपलं नाव शोधतात. मी आधी वरची ओळ वाचतो. ती दरवर्षी तिथेच असते. मनातल्या मनात मी त्याला 'वरच्या ओळीतला' असंच म्हणत आलोय.

त्याचा राग यावा असं त्याने कधी काही केलं नाही, हीच तर मुख्य तक्रार. त्याचं अक्षर छापल्यासारखं. त्याची टिप्पणी साहेब एकदा वाचतात आणि सही करतात. माझी तीनदा वाचतात आणि मला आत बोलावतात. कोणाची निंदा तो करत नाही. मी करायला लागलो तर "हौ का?" म्हणतो आणि ऐकून घेतो, त्यामुळे मजाच जाते. त्याच्या टेबलामागे खिडकी होती, खिडकीबाहेर कडुलिंब. मे महिन्यात अख्खं नागपूर भाजून निघतं तेव्हासुद्धा त्याच्या टेबलावरचे कागद गार लागायचे. काटोलहून कामासाठी यायचो तेव्हा मी हात लावून बघितलेत.

मला स्वतःला अकरा वर्षांपूर्वी नागपुरातून काढलं होतं. मुदत पुरी व्हायच्या आधी, वर्षाच्या मधेच, 'प्रशासकीय कारणास्तव'. आधी दूर एका तालुक्याला, मग काटोलला. तेव्हा बायको म्हणाली होती, "कारण तर विचारा." मी म्हणालो, "अवं, सरकारले कोणी कारण विचारते का?" आणि गुपचूप निघालो. काटोलला सहा वर्षं अप-डाऊन केलं. सकाळी सातला घर सोडायचं, गणेशपेठच्या स्टँडवरून बस, मोसमात संत्र्यांच्या व्यापाऱ्यांमध्ये दाटीवाटीने उभं राहून प्रवास, संध्याकाळी परत, घरात पाऊल टाकायला आठ. मुलगी शिकायला पुण्याला गेल्यापासून बायको दुपारी एकटी जेवायची आणि रात्री माझी वाट बघत डुलक्या घ्यायची. एकदा मला म्हणाली, "आपला संसार फक्त रविवारी असते." हसत म्हणाली, पण माझ्या डोक्यात ते राहिलं. पाच वर्षांनी मी निवृत्त होणार. तोवर हे असंच चालायचं असेल तर रोज संध्याकाळी सहाला घरी येणं म्हणजे काय, हे मला पेन्शनीतच कळणार होतं.

म्हणून मी नागपूरसाठी विनंती केली. आणि इथेच माझं चुकलं. केसांपेक्षा मोठं चुकलं.

नुसत्या विनंती अर्जाने काय होतं, हे मला आतून माहीत. असे अर्ज मीच लावून ठेवत आलोय. म्हणून मी एका लोकप्रतिनिधीच्या कार्यालयात गेलो. तिथल्या सहायकाने नेहमीप्रमाणे सांगितलं, "बाबू, पत्राचा मसुदा तुम्हीच टाइप करून आणा. आपल्याकडे सही होऊन जाईल." हा आमच्याकडचा रिवाजच आहे, शिफारस दुसऱ्याची, शब्द आपले. घरी बसून मी मसुदा केला. पहिल्यांदा लिहिलं: 'नागपूर येथील कोणत्याही रिक्त पदावर'. आणि रिक्त पद होतं. त्याच कार्यालयात, खाली अभिलेख कक्षात, म्हणजे जुन्या फाइलींच्या गोदामात, वरिष्ठ लिपिकाची एक जागा दोन वर्षांपासून मोकळी पडली होती. जायला कोणी तयार नव्हतं. तळघर, धूळ, ट्यूबलाइट.

मी ते वाक्य वाचलं. चहा घेतला. मग ते खोडलं आणि लिहिलं: 'आस्थापना शाखेतील वरिष्ठ लिपिकाच्या पदावर'. म्हणजे त्याची खुर्ची. खिडकी, कडुलिंब, गार कागद, सगळं.

बायकोने स्वयंपाकघरातून विचारलं होतं, "कोणती जागा मागून राहिले?"

"सरकार देईन ती," मी म्हणालो.

डिसेंबरच्या सुरुवातीला आदेश निघाला. एका पानावर दोन नावं. माझी बदली 'विनंतीनुसार' नागपूर. त्याची 'प्रशासकीय कारणास्तव' काटोल. आता त्याची त्या जागेवरची मुदत अर्धीही झाली नव्हती. आमच्या बदल्यांचा कायदा साधा आहे: बदल्या एप्रिल-मेमध्ये करा, मधेच किंवा मुदतीआधी हलवायचं असेल तर विशेष कारण लेखी नोंदवा आणि वरच्या अधिकाऱ्याची आधी मंजुरी घ्या. मला तो पाठ आहे. पाठ असून उपयोग एवढाच, की आपण तो मोडतोय हे आपल्याला बरोबर कळतं.

काळे केस आणि डागाळलेला कान घेऊन मी पोचलो तेव्हा तो निघायच्या तयारीत होता. मला किल्ल्या दिल्या. म्हणाला, "डावा ड्रॉवर अटकते. वर उचलून ओढजो." मग माझ्याकडे बघून, "केस चांगले झाले गा." मला वाटलं टोमणा आहे. चार दिवस विचार केला. नव्हता.

आठवडाभराने नोटीस आली. घरी आली, बायकोने घेतली. संध्याकाळी ती दारातच उभी. "अजी, तुमच्यावर केस झाली."

सरकारी नोकरांच्या तक्रारींसाठी जे न्यायाधिकरण असतं, तिथे त्याने अर्ज केला होता. शीर्षक: अर्जदार विरुद्ध महाराष्ट्र शासन व इतर दोन. प्रतिवादी क्रमांक एक, शासन. दोन, आमचे कार्यालयप्रमुख. तीन, मी. आयुष्यात पहिल्यांदा माझं नाव राज्य शासनाच्या पंगतीला लागलं होतं, आणि तेही माझ्याच बरोबरीच्या माणसाने वाढलं म्हणून.

मी तणतणलो. "बघ! मले कोर्टात उभं करून राहिला! मी त्याचं काय केलं?"

"तुम्ही काही केलं का?" बायकोने विचारलं.

"मी? मी काहून करन?"

सुरुवातीला त्याला स्थगिती मिळाली नाही, कारण मी रुजू झालो होतो. खुर्ची भरलेली असली की घाईने कोणी हलवत नाही, म्हणून तर आमच्याकडे आदेश आला की लोक स्थगितीच्या आधी रुजू व्हायला धावतात. त्यामुळे खटला चालू असताना दोन-अडीच महिने मी नागपुरात होतो आणि तो काटोलच्या बसमध्ये. ते अडीच महिने मी विसरणार नाही. सव्वासहाला मी घरी. दोघं मिळून चहा. मग ती भाजी निवडायची आणि मी तिला कार्यालयातल्या गोष्टी सांगायचो. सहा वर्षांच्या साठलेल्या. एकदा सांगता सांगता लक्षात आलं की ती गोष्ट मी अर्धी बनवतोय, तर ती म्हणाली, "बनवा, बनवा. ऐकून राहिली मी." रविवारची वाट बघायचं आम्ही दोघांनीही सोडून दिलं. एका रविवारी तर चक्क भांडलो. सवड होती म्हणून.

आणि खरं सांगतो, सकाळी साडेसातला दाढी करताना मला गणेशपेठचा स्टँड दिसायचा. तो रांगेत उभा, हातात डबा. मला बरं वाटायचं. हे लिहायला लाज वाटते, पण तेव्हा वाटली नव्हती.

बरं वाटणं फार टिकलं नाही. काटोलच्या शिपायाचा फोन आला. मला वाटलं, आठवण काढून राहिला. म्हणाला, "बाबूजी, नवे बाबू तर लय भारी आहेत! सहा महिन्यांचं पेंडिंग पंधरा दिवसांत काढून टाकलं."

"कोणाचं पेंडिंग?"

"असंच... होतं ते ऑफिसचं."

ते माझं होतं.

सुनावणीच्या दिवशी मी एक दिवसाची किरकोळ रजा टाकून सिव्हिल लाइन्सला गेलो. वकील लावला नव्हता. सरकार आपल्या बाजूने आहे म्हटल्यावर आणखी कशाला, असा माझा हिशेब. बाहेरच्या बाकावर तो आधीच बसला होता. बाजूची जागा रिकामी. बसावं लागलं. त्याने पिशवीतून डबा काढला, "मुरमुरे घे."

मी घेतले नाहीत. मग घेतले. तोंड भरलं असताना भांडणं सोपं जातं, म्हणून विचारलं, "मले काहून ओढलं यात? सरकारवर कर ना केस, मी काय केलं तुझं?"

त्याने डबा माझ्याकडे आणखी सरकवला. मग म्हणाला, "तुझ्याविरुद्ध नाही गा. तुले पार्टी करावंच लागते. मी जिंकलो तर तुझी खुर्ची जाईन. तुझं काही न ऐकता तुझ्याविरुद्ध आदेश झाला, तर ते बरोबर होईन का? माझा वकील म्हणाला, वगळलं तरी चालून जाते कधी कधी. मी म्हणालो, नाही, त्याले बोलू द्या."

मला हरवायला निघालेला हा माणूस, आणि आधी मला बोलायला जागा करून ठेवतो! मी त्याच्या जागी असतो तर? मी विचार केला. मी त्याच्या जागी होतोच की, दोन महिने. त्याला विचारलं होतं का मी?

आत गेलो. दोन सदस्य वर बसले होते. त्याच्या वकिलाने बदलीची फाइल मागवून घेतली होती. असा खटला लढताना खरा कागद आदेश नसतो; आदेश कसा तयार झाला, त्याची फाइल असते. मी मागच्या बाकावरून ती फाइल ओळखली. तिच्यात माझी शिफारस होती.

वकील एकेक पान उलटत गेले. विशेष कारण लेखी नोंदवलंय का? नाही. वरच्या अधिकाऱ्याची आधी मंजुरी आहे का? आहे, पण आदेशाच्या नंतरच्या तारखेची. अर्जदाराविरुद्ध काही तक्रार? नाही. मग फाइल सुरू कुठून होते? एका शिफारसपत्रापासून. आणि ते पत्र मोठ्याने वाचलं गेलं. माझे शब्द. 'अत्यंत कर्तव्यदक्ष, मितभाषी व होतकरू कर्मचारी'. पन्नाशीच्या माणसाला होतकरू! मी खाली मान घालून रुमालाच्या घड्या मोजत बसलो.

मग त्यांनी माझा रुजू अहवालही काढला. "साहेब, हे तर त्याहून गमतीचं आहे. अर्जदार मध्यान्होत्तर कार्यमुक्त झाला, आणि प्रतिवादी क्रमांक तीन त्याच दिवशी मध्यान्हपूर्व रुजू. खुर्ची मोकळी व्हायच्या आधीच यांना तिची खात्री होती."

हसले लोक. सरकारी वकीलसुद्धा हसले. ते माझ्याच बाजूचे होते.

वरच्या दोघांपैकी ज्येष्ठ सदस्यांनी सरकारी वकिलांना विचारलं, मराठीतच विचारलं, "नागपुरात दुसरी जागा रिक्त होती का?"

वकिलांनी मागे वळून आमच्या कार्यालयाच्या माणसाकडे बघितलं. तो कुजबुजला. "होती, साहेब. अभिलेख कक्षात एक."

"मग या कर्मचाऱ्याची सोय तिथे का केली नाही? हीच खुर्ची का?"

सरकारी वकिलांनी फाइल चाळली. कार्यालयाच्या माणसाने चष्मा पुसला. त्या खोलीत त्या प्रश्नाचं उत्तर एकाच माणसाला माहीत होतं आणि तो मागच्या बाकावर होता.

"प्रतिवादी क्रमांक तीन हजर आहेत का?"

मी उठलो. बाक करकरला.

"तुम्हाला काही म्हणायचं आहे?"

चोवीस वर्षांत मला हे कोणी विचारलं नव्हतं. अकरा वर्षांपूर्वी काढलं तेव्हा नाही, दूरच्या तालुक्याला टाकलं तेव्हा नाही, काटोलला नाही. इतक्या वरच्या माणसाने थांबून, पेन खाली ठेवून, माझ्याकडे बघून विचारलं होतं. सांगण्यासारखं पुष्कळ होतं. सकाळची बस. आठ वाजता उघडणारं दार. सहाचा चहा. अकरा वर्षांपूर्वी मलाही असंच मधून काढलं होतं, तेव्हा मी विचारलं नाही, आज हा विचारतोय आणि ते मला खुपतंय, हेही सांगता आलं असतं. मी तोंड उघडलं.

"साहेब, ते मध्यान्होत्तर होतं. मध्यान्हपूर्व चुकून लिहिलं."

"बरं," ते म्हणाले. "बसा."

मी बसलो. बाजूला तो बसला होता. त्याने मुरमुऱ्याचा डबा पुढे केला आणि मग जागेचं भान येऊन पटकन पिशवीत टाकला.

त्या दिवशी घरी येताना मी स्कूटर हळू चालवली. मला वाटत होतं मी खुर्चीवर जळतोय, खिडकीवर, केसांवर. तसं नव्हतं, किंवा तेवढंच नव्हतं. अकरा वर्षांपूर्वी माझ्याच घरात बायकोने सुचवलेला 'कारण काय' हा जो प्रश्न मी उडवून लावला होता, तो त्याने जाऊन विचारला. रजा टाकून, वकील करून, वरच्या लोकांसमोर. आणि त्या लोकांनी सरकारला तोच प्रश्न विचारला, आणि सरकार चष्मा पुसत बसलं. प्रश्न विचारला की सरकार असं गप्प बसतं, हे मला माहीत असतं तर! मला माहीत नव्हतं, कारण मी विचारलंच नव्हतं. त्याला ते माहीत होतं असंही नाही. त्याने विचारून बघितलं, एवढंच. जळायला हे फार झालं.

निकाल दोन आठवड्यांनी लागला. दोन्ही बदल्या रद्द. तो मूळ जागी, मी मूळ जागी. शेवटी एक वाक्य जास्तीचं: प्रतिवादी क्रमांक तीन यांनी रिक्त पदासाठी नव्याने विनंती केल्यास तिचा नियमानुसार विचार करण्यास प्रतिबंध राहणार नाही.

तो परत आला त्या दिवशी मी किल्ल्या टेबलावर ठेवल्या. तो बसला नाही. उभ्या उभ्या म्हणाला, "शेवटचा परिच्छेद वाचला का तू?"

"वाचला."

"मग आजच अर्ज दे. नुसता अर्ज, कोणाचं पत्रबित्र नको. रेकॉर्डच्या जागेले कोणी येत नाही, मंजूर होते. बदल्यांच्या मोसमात टिप्पणी मीच ठेवतो. एप्रिलपर्यंत काटोल कर, मग इकडे ये."

आस्थापना शाखा म्हणजे तोच. म्हणजे माझी फाइल त्याच्या हातून जाणार. त्याच्या छापील अक्षरात माझ्या गरजा मांडल्या जाणार. साहेब एकदा वाचणार आणि सही करणार.

"बघतो," मी म्हणालो.

"बघतो काय बे? पाच वर्षं काढशीन काटोलले?"

"बघतो म्हटलं ना."

त्याने खांदे उडवले आणि डावा ड्रॉवर वर उचलून ओढला.

दुसऱ्या दिवसापासून पुन्हा सातला घराबाहेर, पुन्हा तीच बस. आठवडा गेला. घरी मी एवढंच सांगितलं होतं की निकाल विरुद्ध गेला, सरकारने फाइल नीट केली नव्हती. चहा पुन्हा रात्री आठचा झाला आणि आठला कोणी चहा घेत नाही, म्हणून तो बंदच झाला.

त्या शनिवारी मला सुट्टी होती. जेवणं आटोपली तर ती निकालाची प्रत घेऊन माझ्यासमोर बसली. कुठून काढली देव जाणे. मी ती विजेच्या बिलांखाली ठेवली होती. बोट ठेवून ती एकेक ओळ वाचत होती. कायद्याची भाषा, अवघड. पण मुलीचा बारावीपर्यंत अभ्यास घेतलेली बाई, थांबत नाही. अकराव्या परिच्छेदाशी बोट थांबलं.

"म्हणजे जागा रिकामी होती?"

"तळघरातली. धूळ आहे तिथं लय."

"तुम्हाले माहीत होतं?"

मी पंख्याकडे बघितलं. "होतं."

"आणि पत्र कोणी लिहिलं ते? होतकरू?"

"मी."

"त्याची खुर्ची तुम्हीच मागितली?"

"हौ."

तिने प्रत घडी केली. मला वाटलं आता रडेल, नाहीतर ओरडेल. ती उठली, आतून माझी कागदांची फाइल आणि पेन आणलं आणि पुढ्यात ठेवलं.

"अर्ज लिहा."

"अवं, तुले कळत नाही. फाइल त्याच्याच टेबलावरून जाईन. तो टिप्पणी ठेवणार! आणि मग मी खाली तळघरात, तो वर खिडकीत. रोज सकाळी हजेरीवर त्याच्या खाली सही. तो 'केस चांगले झाले' म्हणणार. निवृत्त होईपर्यंत! मी जळून जळून कोळसा होईन."

ती माझ्या समोर बसली. पदराने टेबल पुसलं, कागद सरळ केला.

"अजी, जळाचं असन तर जळा. मी कुठं नाही म्हणून राहिली? पण काटोलहून जळत येता येता तुम्हाले आठ वाजते, आणि मग तुम्ही जेवून झोपता. सहाले घरी येऊन जळत जा. म्हणजे मलेही ऐकाले भेटन."